खिडकीचं माप नक्की कुणाचं? प्लीटेड ब्लाइंड ऑर्डर करण्याआधी हे समजून घ्या

इन्स्टाग्रामवर घर सजवण्याची कुठलीही रील उघडा. पांढरीशुभ्र खिडकी, तिच्यात अगदी काठोकाठ बसलेला चुण्यांचा पडदा, एका बोटाने वर ढकलला की नाहीसा. खाली कॉमेंटमध्ये शंभर जण विचारतात, "लिंक?" लिंक मिळते, साईटवर दोनच रकाने असतात, रुंदी आणि उंची. आपण टेप लावतो, आकडे टाकतो, पैसे भरतो. दोन-तीन आठवड्यांनी पार्सल येतं आणि ब्लाइंड खिडकीत शिरतच नाही. किंवा शिरतो आणि दोन्ही बाजूंनी बोटभर उजेड येतो.

परत करायला जावं तर उत्तर ठरलेलं, "सर, हा तुमच्या मापाने बनवलाय."

शिवलेल्या पडद्यात हा प्रश्न कधी आलाच नाही. आपल्याकडची पद्धत अशी की मंगलदास मार्केटमधून कापड आणायचं, शेजारच्या शिंप्याला "खिडकी पाच बाय चार" एवढं सांगायचं आणि तो हिशेबाने चुण्या घालून देणार. दोन इंच इकडे तिकडे झाले तरी ते चुण्यांत जिरतात. ब्लाइंडमध्ये जिरायला जागाच नसते. वरची पट्टी अॅल्युमिनियमची, खालची अॅल्युमिनियमची, मधलं कापड कारखान्यात मशीनने कापलेलं. तीन मिलिमीटर जास्त म्हणजे तीन मिलिमीटर जास्त.

म्हणून माप कसं घ्यायचं हे तर शिकायचंच, पण त्याहून महत्त्वाचं म्हणजे आपण लिहिलेला आकडा *कशाचा* आहे हे सांगायला शिकायचं. बहुतेक भांडणं इथेच होतात.

आधी, हा प्रकार काय आहे?

लहानपणी कागदाचा पंखा केला असेल. एक घडी पुढे, एक मागे. किंवा पेटीचा भाता आठवा. प्लीटेड ब्लाइंड म्हणजे तसंच चुण्या पाडलेलं पॉलिस्टरचं कापड, त्यातून ओवलेल्या बारीक दोऱ्या आणि वर-खाली दोन पट्ट्या. वर केला की भाता मिटतो, खाली सोडला की उघडतो.

याच्याच भावकीत हनीकोंब ब्लाइंड येतो. त्यात कापडाचे दोन थर एकमेकांना जोडून मधमाशांच्या पोळ्यासारखे कप्पे केलेले असतात. आत अडकलेली हवा उष्णता थोडी अडवते आणि दोऱ्या कप्प्यांच्या आतून जात असल्याने दिसत नाहीत. साध्या प्लीटेडमध्ये दोरी कापडाला भोक पाडून जाते. त्यामुळे "ब्लॅकआउट" कापड घेतलं तरी दुपारी त्या भोकांतून उजेडाचे ठिपके दिसतात. दुकानात हे कुणी आपणहून सांगत नाही.

मुंबईच्या लहान घरांत हा प्रकार शोभतो, कारण मिटल्यावर तो फार थोडी जागा घेतो. रोमन ब्लाइंड वर केला तरी कापडाचा जाड थर खिडकीच्या वरच्या भागावर लोंबत राहतो. प्लीटेडचा थर काही इंचांचाच. आपल्या घरात खिडकी हा हवेचा एकमेव रस्ता असतो, तेव्हा हा फरक लहान नाही. राष्ट्रीय इमारत संहितेत दमट-उष्ण हवेच्या भागांसाठी दारं सोडून खिडक्यांची उघडी जागा खोलीच्या क्षेत्रफळाच्या किमान एक षष्ठांश असावी असं सांगितलंय. दहा बाय बाराची खोली म्हणजे १२० चौरस फूट, त्याचा सहावा भाग २० चौरस फूट, म्हणजे पाच बाय चारची खिडकी. त्यातही सरकती खिडकी असेल तर एका वेळी सगळी उघडतच नाही. उरलेल्या हवेवर पुन्हा मिटलेल्या पडद्याचा गठ्ठा कशाला?

शीव कोळीवाड्यातल्या चार खिडक्या

ब्लाइंडचे बहुतेक व्हिडिओ युरोप-अमेरिकेतल्या खिडक्या डोळ्यांसमोर ठेवून केलेले असतात. आपली खिडकी कशी असते ते बघायला शीव कोळीवाड्यात एक फेरी पुरे. गावठाणातली जुनी घरं, फाळणीनंतर आलेल्या पंजाबी-सिंधी निर्वासितांची गुरू तेगबहादूर नगरची वसाहत, प्रतीक्षा नगरातल्या म्हाडाच्या इमारती आणि मधे मधे उगवलेले पुनर्विकासाचे टॉवर. (हो, हॉटेलात मिळणारं 'कोळंबी कोळीवाडा' याच कोळीवाड्याचं.) एवढ्याशा भागात खिडक्यांच्या चार पिढ्या दिसतात.

जुन्या घरात लाकडी चौकट, गज आणि झडपा. लाकूड पावसाळ्यात फुगतं, उन्हाळ्यात आकसतं, गिलावा दहा वेळा केलेला. अशा चौकटीचे कोन काटकोनात असतील असं धरूच नका. झडपा आत उघडणाऱ्या असतील तर चौकटीच्या आत ब्लाइंड लावायचा विचारही सोडा, झडप त्याला आपटेल.

त्यानंतरच्या इमारतींत अॅल्युमिनियमची सरकती खिडकी. दोन काचा आणि एक मच्छरजाळी, अशी तीन ट्रॅकची. बाहेर बॉक्स ग्रिल, त्यात कुंड्या, वाळत घातलेले कपडे आणि कबुतरं. चारही बाजूंना ग्रॅनाईट किंवा मार्बलची पट्टी. ही पट्टी दिसायला सरळ असते, पण तिच्या मागे भरलेला माल कमी-जास्त असल्याने वरची रुंदी आणि खालची रुंदी सारखी निघेलच असं नाही.

नव्या टॉवरमध्ये भिंतीसुद्धा काँक्रीटच्या, अॅल्युमिनियमच्या साच्यात ओतलेल्या. बिल्डर आणि ब्रोकर त्याला 'मायवन' म्हणतात. तिथे मापं बरीच एकसारखी येतात, पण भोक पाडायला साधी ड्रिल चालत नाही, हॅमर ड्रिल लागते. फिटिंगवाल्याला हे आधीच सांगा, नाहीतर तो अर्ध्या भोकावर सोडून "उद्या येतो" म्हणेल. तो उद्या कधी येतो ते आपल्याला माहीत आहेच.

आता मुद्दा असा. परदेशी व्हिडिओत जो ब्लाइंड थेट काचेच्या फ्रेमवर बसवतात, तो आतल्या बाजूला उघडणाऱ्या यूपीव्हीसी खिडकीसाठी असतो. तिथे झडप उघडली की ब्लाइंड तिच्याबरोबर येतो. आपल्या सरकत्या खिडकीत एक काच दुसरीच्या मागून जाते आणि दोघींच्या मधे जेमतेम बोटभर फट असते. काचेवर ब्लाइंड लावला तर काच सरकणारच नाही. तेव्हा सरकती खिडकी असेल तर 'नो ड्रिल', 'परफेक्ट फिट' वगैरे प्रकार कितीही आवडले तरी सोडून द्या. दोनच पर्याय उरतात. ओपनिंगच्या आत, वरच्या लिंटलला टांगायचा; किंवा ओपनिंगच्या बाहेर, भिंतीवर लावायचा.

आत की बाहेर?

आत लावलेला ब्लाइंड नीटस दिसतो, पण त्याला खोली लागते. खिडकीच्या अॅल्युमिनियम ट्रॅकपासून भिंतीच्या आतल्या कडेपर्यंत किती जागा उरते ते मोजा. हँडल किंवा लॉक बाहेर आलेलं असेल तर मोजणी तिथून सुरू करा, ट्रॅकपासून नाही. उरलेली जागा ब्लाइंडच्या वरच्या पट्टीपेक्षा जास्त हवी. किती जास्त, ते त्या कंपनीच्या तक्त्यात दिलेलं असतं, तो मागून घ्या. चार इंची भिंतीत तीन ट्रॅकची खिडकी बसवली की आत फारसं काही उरत नाही. अशा वेळी हट्ट न करता बाहेर लावावा.

बाहेर लावताना ओपनिंगच्या दोन्ही बाजूंना दोन-तीन इंच जास्त घ्यायचे, म्हणजे कडेने उजेड येत नाही. वरही साधारण तेवढेच किंवा थोडे अधिक, म्हणजे ब्लाइंड मिटल्यावर खिडकी पूर्ण मोकळी राहते. पण भिंतीवर काय काय आहे ते आधी बघा. स्प्लिट एसी, पडद्याचा जुना रॉड, स्विचबोर्ड, कपाटाचं दार, माळ्याची फळी. आपल्या घरात खिडकीच्या दोन्ही बाजूंना तीन इंच रिकामी भिंत मिळणं हीसुद्धा चैन असते. आणि खिडकीतच विंडो एसी बसवला असेल तर त्याच्यावरून एकच मोठा ब्लाइंड घेऊ नका. एसीचा भाग सोडून उरलेल्या जागेचं माप घ्या.

टेप हातात घ्या

शिंप्याची कापडी टेप नको, ती ताणली जाते. स्टीलची घ्या. तिच्या टोकाची पट्टी थोडी हलते, ती खराब झालेली नसते. ती स्वतःच्या जाडीएवढीच हलावी अशी मुद्दाम केलेली असते, म्हणजे कडेला अडकवून मोजलं काय किंवा भिंतीला टेकवून मोजलं काय, माप बरोबर येतं. ती ठोकून घट्ट करणारे महाभाग असतात, त्यांच्या हातची टेप वापरू नका.

ओपनिंगच्या आतलं माप घेताना आपण टेप कोपऱ्यात वाकवतो आणि वळणावरचा आकडा अंदाजाने वाचतो. तिथेच चार-पाच मिलिमीटरचा घोळ होतो. टेपच्या डबीवर तिची स्वतःची लांबी छापलेली असते. डबी समोरच्या भिंतीला टेकवा, बाहेर आलेला आकडा वाचा आणि त्यात डबीची लांबी मिळवा. छापलेली नसेल तर डबी पट्टीवर ठेवून एकदा मोजून घ्या.

रुंदी तीन ठिकाणी घ्यायची. वर, मधे, खाली. समजा एका खिडकीत आकडे आले १२१३, १२०८ आणि १२११ मिलिमीटर. आत लावायचा असेल तर सगळ्यांत लहान आकडा खरा, म्हणजे १२०८. सरासरी काढायची नाही. कारण सरळ आहे. वरची पट्टी १२१३ च्या जागेत आरामात बसेल, पण खालची पट्टी खाली सोडताना मधल्या १२०८ च्या ठिकाणी ग्रॅनाईटला घासेल आणि अडकेल. पडदा वर बसला म्हणजे खालपर्यंत येईल असं नसतं.

उंचीही तीन ठिकाणी. डावीकडे १३७४, मधे १३७१, उजवीकडे १३६९. इथे मात्र नियम उलटतो. ब्लाइंड नुसता टांगलेला असेल तर मोठा आकडा घ्या, कारण थोडा लांब झाला तर शेवटच्या एक-दोन चुण्या अर्धवट मिटून कट्ट्यावर टेकतील, कुणाच्या लक्षातही येणार नाही. आखूड झाला तर खाली फट राहील. पण ब्लाइंड वर आणि खाली दोन्हीकडे पक्का होणारा, ताणलेल्या तारांचा असेल तर लहान आकडा. दोन कंपन्यांचे नियम वेगळे असू शकतात, म्हणून शहाणपणाचं म्हणजे तीनही आकडे लिहून देणं आणि निवड त्यांच्यावर सोडणं.

शेवटी कर्ण. वरच्या डाव्या कोपऱ्यातून खालच्या उजव्यापर्यंत आणि मग उलट. दोन्ही सारखे आले तर चौकट काटकोनात आहे. चार-पाच मिलिमीटरचा फरक चालून जातो. अर्ध्या इंचाहून जास्त असेल तर खिडकी चांगलीच तिरकी आहे. सरळ ब्लाइंड तिच्यात टांगला की तिरकेपणा लपत नाही, उलट उठून दिसतो. अशी खिडकी बाहेरून झाकावी. जुन्या घरांत तर मी कर्ण मोजायच्या आधीच बाहेर लावायचं ठरवून टाकीन.

आणि प्रत्येक खिडकी वेगळी मोजा. एकाच हॉलमध्ये, एकाच मिस्त्रीने, एकाच दिवशी बसवलेल्या दोन खिडक्यांतही फरक निघतो.

फूट, इंच, सूत आणि साडेसाती

हा भाग मला सगळ्यांत महत्त्वाचा वाटतो, कारण यात मोजणारा चुकत नाही, लिहिणाराही चुकत नाही, तरी माल चुकतो.

भारतात मापांची दशमान पद्धत १९५६ च्या कायद्याने आली. २००९ च्या वैधमापन कायद्यानेही मापं मेट्रिकच ठरवली आहेत. फ्लॅटच्या करारात क्षेत्रफळ चौरस मीटरमध्ये लिहिलेलं असतं. पण सुतार, फॅब्रिकेटर आणि पडदेवाला यांच्या तोंडी अजून फूट, इंच आणि सूतच आहे. एका इंचाचे आठ सूत. म्हणजे एक सूत जवळपास ३.२ मिलिमीटर. याउलट ब्लाइंडचा कारखाना मिलिमीटरमध्ये कापतो. मधे कुठेतरी कुणीतरी भाषांतर करतं, आणि तिथे घात होतो.

समजा तुम्ही व्हॉट्सअॅपवर लिहिलंत "४७.५". तुमच्या मनात साडेसत्तेचाळीस इंच, म्हणजे १२०६.५ मिलिमीटर. दुकानातल्या माणसाने वाचलं सत्तेचाळीस इंच पाच सूत, म्हणजे १२०९.७. तीन मिलिमीटर वाढले. आत लावायच्या ब्लाइंडला तीन मिलिमीटर पुष्कळ झाले.

याहून वाईट "४.५". हे साडेचार फूट की चार फूट पाच इंच? साडेचार फूट म्हणजे ५४ इंच, १३७१.६ मिलिमीटर. चार फूट पाच इंच म्हणजे ५३ इंच, १३४६.२. सरळ एक इंचाचा फरक! आणि दोन्ही अर्थ बाजारात रोज चालतात.

उपाय अगदी साधा. टेपची मिलिमीटरची बाजू वाचा, आकडा पूर्णांकात लिहा आणि पुढे 'मिमी' लिहा. '१२०८ मिमी' याचा दुसरा अर्थ कुणी काढू शकत नाही. सेंटीमीटरही टाळा, त्यात पुन्हा टिंब येतं. दुकानदार म्हणाला "इंचात सांगा ना साहेब," तर त्याला इंचातही सांगा, पण लेखी मात्र मिलिमीटरच ठेवा.

किंमत मात्र तो चौरस फुटावर लावेल. १२०८ बाय १३७४ मिलिमीटर म्हणजे साधारण १७.९ चौरस फूट. काही जण रुंदी-उंची पुढच्या पूर्ण आकड्यापर्यंत नेऊन हिशेब करतात, काहींकडे लहान खिडकीलाही ठरावीक किमान चौरस फुटांचे पैसे लागतात. संडास-बाथरूमच्या दीड फुटी खिडकीला ब्लाइंड घेताना हे आधी विचारा, नाहीतर बिल बघून चक्कर येईल. फिटिंग आणि जीएसटी धरून भाव आहे का, तेही तेव्हाच.

ओपनिंगचं माप की तयार मालाचं?

आता तो सुरुवातीचा मुद्दा. मापं दोन प्रकारची असतात. एक, भिंतीतल्या मोकळ्या जागेचं, म्हणजे ओपनिंगचं. दुसरं, तयार ब्लाइंडचं. ओपनिंगचं माप दिलं तर कारखाना स्वतः त्यातून थोडं कमी करतो, म्हणजे ब्लाइंड न घासता वर-खाली होतो. तयार मालाचं माप दिलं तर तो काहीच कमी करत नाही, सांगितलं तेवढंच बनवतो.

आपल्या खिडकीचं लहान माप १२०८. समजा कारखाना ओपनिंगमधून १० मिलिमीटर कमी करतो. तुम्ही १२०८ हे ओपनिंगचं माप म्हणून दिलंत, ब्लाइंड ११९८ चा आला, छान बसला. पण तुम्ही जरा जास्त हुशारी केलीत, आधीच १० कमी करून ११९८ लिहिलंत, आणि कारखान्याने त्यातून पुन्हा १० काढले. आला ११८८ चा. दोन्ही बाजूंना एकेक सेंटीमीटर फट. उलट प्रकार म्हणजे तुम्ही १२०८ दिलंत, त्यांनी ते तयार मालाचं समजून तंतोतंत बनवलं, आणि तो मधेच अडकला.

तिन्ही वेळा टेपवर बरोबर वाचलं होतं. चूक आकड्यात नव्हती, आकड्याच्या नावात होती. म्हणून साईटवर ऑर्डर देताना रुंदीच्या रकान्याशेजारी काय लिहिलंय ते शोधा. सापडलं नाही तर चॅटवर विचारा आणि उत्तराचा स्क्रीनशॉट ठेवा. बाहेर लावायचा असेल तर हा घोळ कमी होतो. तिथे बहुधा तयार मालाचंच माप द्यायचं असतं, पण तेही विचारून.

माझं मत विचाराल तर पहिल्यांदा घेताय आणि आत लावायचाय, तर माप दुकानाच्या माणसाला घेऊ द्या. त्याचे थोडे पैसे लागले तरी हरकत नाही. तुम्ही स्वतः मोजलेले आकडे बाजूला ठेवा, त्याचे त्याला घेऊ द्या, मग दोन्ही ताडून बघा. पाच मिलिमीटरपेक्षा जास्त फरक आला तर त्याच्यासमोर परत मोजा. त्याने घेतलेलं माप त्याच्याच हाताने ऑर्डरच्या कागदावर लिहून घेतलंत की माप त्याचं झालं, आणि ब्लाइंड बसला नाही तर प्रश्नही त्याचा.

कापड निवडताना

दिशा बघा. मुंबईत पश्चिमेची खिडकी उन्हाळ्यात दुपारनंतर तापते. दक्षिणेच्या खिडकीत थेट ऊन मुख्यतः हिवाळ्यात येतं, कारण तेव्हा सूर्य दक्षिणेकडे कललेला असतो. मेच्या मध्यापासून जुलैअखेरपर्यंत तो भरदुपारी आपल्या डोक्यावरून थोडा उत्तरेलाच जातो. पश्चिमेला फिकट रंगाचं किंवा मागून चंदेरी थर दिलेलं कापड घ्यावं. पण फार अपेक्षा ठेवू नका. ब्लाइंड काचेच्या आत असतो. ऊन काच ओलांडून आत आलेलं असतं, ब्लाइंड त्यातलं थोडंच परत पाठवतो. बाहेरचा छज्जा जे करतो ते आतला पडदा करू शकत नाही.

समोरासमोर इमारती असतील, आणि पुनर्विकासात त्या फार जवळ येतात, तर वरूनही आणि खालूनही उघडणारा प्रकार विचारा. त्यात वरचा भाग उघडा ठेवून उजेड घेता येतो आणि खालचा झाकलेला राहतो. पातळ कापडाला मात्र फसू नका. दिवसा बाहेरचं कुणाला आतलं दिसत नाही, पण रात्री घरात दिवा लावला की गणित उलटं होतं. नमुन्याचा तुकडा घरी आणा, रात्री खिडकीला धरा आणि कुणाला तरी खाली उभं करून विचारा.

पावसाळ्यात वाऱ्याने सरकत्या खिडकीच्या ट्रॅकमधून पाणी आत येतं. सुती किंवा कागदी कापड अशा ठिकाणी डागाळतं. पॉलिस्टर टिकतं. खिडकी उघडी ठेवून ब्लाइंड खाली सोडणार असाल तर तो वाऱ्याने आपटत राहील, त्यासाठी बाजूच्या मार्गदर्शक तारा लागतात. त्या खाली ग्रॅनाईटच्या कट्ट्यात पक्क्या कराव्या लागतात, तेव्हा ते भोक आधीच हिशेबात धरा. गॅसच्या ओट्याजवळ हा प्रकार नकोच. फोडणीचा तेलकट थर प्रत्येक चुणीत बसतो आणि तो निघत नाही.

दोरीचं काय?

वन रूम किचनमध्ये दिवाण किंवा पलंग खिडकीखालीच असतो. मूल त्यावर उभं राहिलं की ब्लाइंडची दोरी बरोबर त्याच्या गळ्याच्या उंचीला येते. ही घाबरवायची गोष्ट नाही, जगभर लहान मुलं अशा दोऱ्यांत अडकून दगावली आहेत आणि त्यामुळेच नियम बदलले. ब्रिटनमध्ये फास पडू शकेल अशी दोरी जमिनीपासून किमान दीड मीटर वर असावी लागते. अमेरिकेच्या सुधारित मानकानुसार १ जून २०२४ पासून मापाने बनवलेल्या ब्लाइंडलाही मोकळ्या लोंबत्या दोऱ्या चालत नाहीत.

घरात लहान मूल असेल, किंवा सुट्टीत भाचरं येत असतील, तर 'कॉर्डलेस' म्हणजे खालची पट्टी हाताने वर-खाली करायचा प्रकारच घ्या. थोडा महाग पडतो. इथे पैसे वाचवू नका. दोरीचाच घ्यावा लागला तर दोरी गुंडाळून ठेवायचा हूक भिंतीवर दीड मीटरच्या वर ठोकून घ्या आणि पलंग खिडकीखालून हलवा. जागा नसेल तर त्या खिडकीला साधा शिवलेला पडदाच बरा.

ऑर्डर लिहा, तोंडी सांगू नका

व्हॉट्सअॅपवर एवढं पाठवलंत तरी पुष्कळ झालं:

"हॉल, पश्चिमेची खिडकी. तीन ट्रॅक सरकती. ब्लाइंड ओपनिंगच्या आत, लिंटलला. ओपनिंगची रुंदी वर १२१३, मधे १२०८, खाली १२११ मिमी. उंची डावीकडे १३७४, मधे १३७१, उजवीकडे १३६९ मिमी. हँडल सोडून उपलब्ध खोली ७० मिमी. ही सगळी ओपनिंगची मापं आहेत, किती कमी करायचं ते तुम्ही ठरवून तयार मालाचं माप कळवा. कापडाचा कोड अमुक. कॉर्डलेस. वरची भिंत काँक्रीटची. फिटिंग धरून एकूण रक्कम कळवा."

'तयार मालाचं माप कळवा' या वाक्याला उत्तर आल्याशिवाय पैसे भरू नका. ते उत्तर म्हणजेच तुमचा करार.

माल आला की फिटिंगवाला ड्रिल काढायच्या आधी वरची पट्टी मोजा. कळवलेल्या मापाशी जुळते का बघा. जुळत नसेल तर बसवू देऊ नका, टेप लावून फोटो काढा. "थोडं अॅडजस्ट करतो" म्हणत पट्टी घरीच कापायला निघाला तर थांबवा. पट्टी कापता येते, पण चुण्यांचं कापड हाताने सरळ कापलं जात नाही आणि एकदा कापलं की माल सदोष होता हे तुम्हाला दाखवता येत नाही.

मापाने बनवलेला माल निव्वळ "आवडला नाही" म्हणून दुकानदाराने परत घ्यावा असा आग्रह धरता येत नाही. पण ठरलेल्या मापाचा नसेल तर गोष्ट वेगळी. ऑनलाइन खरेदीत, २०२० च्या ई-कॉमर्स नियमांनुसार सदोष किंवा ठरल्याप्रमाणे नसलेला माल परत घ्यायला विक्रेता नकार देऊ शकत नाही. दुकानातून घेतला असेल तर २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यात सदोष माल बिलावर लिहिलेल्या मुदतीत, आणि मुदत लिहिली नसेल तर ३० दिवसांत, परत घेऊन पैसे न देणं ही अनुचित व्यापारी प्रथा मानली आहे. बिल न देणंही त्यातच येतं. म्हणून "बिलाशिवाय घ्या, थोडं स्वस्त पडेल" याला भुलू नका. अडलंच तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे. फोन लावताना बिल, ऑर्डरचा मेसेज आणि टेप लावलेला फोटो हाताशी ठेवा.